खाऱ्या विहिरीतलं पुस्तक

जेवणाच्या हॉलमध्ये एवढी माणसं बसली होती, पण आपण सगळे विहिरीवर बसलोय हे मला एकटीलाच आठवत होतं. वर गुळगुळीत फरशी, फरशीवर टेबलं, टेबलांवर जिलबी आणि मठ्ठा, आणि खाली आमची खारी विहीर. भाच्याच्या मुलीचं लग्न होतं म्हणून मी अंबडला आले होते. हा मळा पूर्वी आमचा. भावाच्या मुलांनी तो विकला, घेणाऱ्यानं मुरूम टाकून विहीर बुजवली आणि वर मंगल कार्यालय बांधलं. कुणाचं काही चुकलं असं मी म्हणत नाही. खाऱ्या पाण्याची विहीर कोण किती दिवस सांभाळणार?

पण मला काही बसवेना. मारुतीच्या देवळाच्या मागच्या भिंतीपासून विहिरीचा काठ साठ पावलांवर होता, ते माझ्या पायांना अजून पाठ आहे. मी काठी घेऊन उठले, देवळापाशी गेले आणि मोजत मोजत परत आले. ऐंशीच्या घरातली पावलं आखूड, म्हणून मनानंच थोडी भर घातली. आईस्क्रीमच्या टेबलापाशी साठ भरली. नातसून दोनदा धावत आली, “आजी, बाथरूम त्या बाजूला आहे.” मी म्हटलं, “मला बाथरूम नको गं, जरा उभं राहू दे.” ती हसून गेली.

त्या विहिरीत एक पुस्तक आहे. हातानं लिहिलेलं, उर्दूतलं, दोन बस्त्यांत, म्हणजे कापडी बासनांत, बांधलेलं, आमच्या मराठवाड्यातल्या शहरांचं. त्याची दुसरी प्रत जगात नाही. माझ्या मायनं ते विहिरीत सोडलं, आणि मोठ्या भक्तिभावानं सोडलं. मी शेजारी उभी होते. मी एक वाक्य बोलले असते तर ते वाचलं असतं. बोलले नाही. सांगायचं आहे ते एवढंच, पण एवढ्यात सांगून ते होत नाही, आणि म्हणून इतकी वर्षं माझ्या जिवाला स्वस्थता नाही.

ते लिहिणारे आमच्या मळ्याचे शेजारी, मळ्यापलीकडच्या गल्लीतले. गावात त्यांना सगळे प्रोफेसरसाहेब म्हणत. हैदराबादेला कॉलेजात इतिहास शिकवायचे, डोळे अधू झाले म्हणून लवकर पेन्शन घेऊन अंबडला वडिलांच्या घरी आले. बायको आधीच वारलेली. सोबत विधवा मोठी बहीण, तिला आम्ही आपाबी म्हणायचो. तेव्हा निजामाचं राज्य. कचेरी उर्दू, शाळा उर्दू, जमिनीचा कागद उर्दू, आणि आमच्या घरात अक्षर कुणालाच नाही. कागद आला की दादा, म्हणजे माझे वडील, तो चारी बाजूंनी फिरवून बघत आणि मुकाट्यानं साहेबांकडं घेऊन जात. त्या येण्याजाण्यातून घरोबा झाला.

त्यांच्या घराचा वास मला आजही वेगळा काढून सांगता येईल. आधी कडुनिंबाचा वाळका पाला, मग तंबाखूची पानं, मग काजळी आणि बाभळीचा डिंक, आणि सगळ्यांच्या मागं आपाबीच्या चुलीवरची चिंच घातलेली डाळ. पाला आणि तंबाखू कसर लागू नये म्हणून पुस्तकांत ठेवलेला. काजळी आणि डिंक शाईसाठी. पुस्तकं मात्र सगळीकडं. कोनाड्यात, पलंगाखाली, रिकाम्या कणगीत. साहेबांची स्वतःची दोन पुस्तकं छापली होती. एक बगदादच्या बाजारपेठांवर, दुसरं जुन्या शहरांत पाणी कसं खेळवायचे त्यावर. पिवळट कागद, दगडावरून छापलेली अक्षरं, पान उलटलं की खरखर आवाज. “लढाया सगळेच लिहितात,” ते म्हणायचे. “बादशहाच्या ताटातलं धान्य कोणत्या गल्लीतून यायचं, ते कोणी लिहीत नाही.”

तिसरं पुस्तक ते माझ्या लहानपणभर लिहीत होते. ते आमच्याकडचं. औरंगाबाद, दौलताबाद, पैठण, जालना, आणि शेवटी एक लहानसं प्रकरण अंबडचं. त्यासाठी ते गाडीनं, रेल्वेनं, पायी फिरत. जालन्याच्या पेठेत म्हाताऱ्या मारवाडी शेटजींपुढं बसून विचारत, तुमच्या आजोबांचं दुकान कुठं होतं, जोतं किती उंच, गिऱ्हाईक उभं राहायचं का बसायचं? एक शेटजी वैतागून म्हणाले होते, “साहेब, माल काय पाहिजे ते बोला ना जल्दी, जोत्याचं काय घेऊन बसलात?” ही गोष्ट साहेब स्वतःच रंगवून सांगायचे आणि स्वतःच आधी हसायचे.

एकदा त्यांनी मायलाही विचारलं. “भाभी, तुम्ही लहान होता तेव्हा बाजारच्या दिवशी कासार कुठं बसायचे?” माय दाराआडून बोलायला लागली आणि थांबेचना. कासार कुठं, तेली कुठं, आणि चिंचेखाली एक म्हातारी बसायची ती फक्त सुया विकायची, दुसरं काही नाही. साहेबांनी सगळं टिपून घेतलं. पुढं ते पान मी वाचलं. “अंबडच्या एका शेतकरी घरातल्या बाईंनी सांगितलं,” अशी सुरुवात होती आणि पुढं मायचं बोलणं जसंच्या तसं, उर्दूत. सुयावाल्या म्हातारीसकट. आपण पुस्तकात आहोत हे मायला कधी कळलं नाही.

मी त्या घरात शिरले ती रांगोळीमुळं. बारा वर्षांची असेन. साहेबांना चित्र काढता येत नसे, डोळ्यांमुळं सरळ रेघही वाकडी दिसायची. मशिदींच्या, मकबऱ्यांच्या दगडी जाळ्यांवर पातळ कागद धरून ते वरून कोळसा घासत आणि नक्षीचा ठसा घेऊन येत. ठसे अर्धेमुर्धे, फाटलेले. ते कुणीतरी पुरे करायला हवे होते. दिवाळीत आमच्या अंगणातली रांगोळी बघून ते थबकले, चष्मा वर केला, खाली केला, आणि दादांना म्हणाले, “ही पोरगी मला दुपारचा एक तास देता का?” मायला वाटलं, जाईल तर आपाबीकडून शिवणटिपण तरी शिकेल. तिनं धाडलं.

मी ठिपके मांडायची आणि त्यांवरून जाळी उतरवायची. सोपं वाटलं होतं. पण रांगोळीत रेघ इकडंतिकडं गेली तर बोटानं पुसता येते, जाळीत ते चालत नाही. एका कोपऱ्यात चुकलं की दुसऱ्या कोपऱ्यातला तारा बंदच होत नाही. साहेब कागद नाकाला लावून बघत. “बेटी, हे मिळत नाही. पुन्हा.”

“एवढं बारीक कोण बघून राह्यलं साहेब?” मी तोंड वाकडं करून विचारायची.

“ज्यानं दगड कापला त्यानं बघितलं होतं,” ते म्हणायचे.

एकदा मी रागानं कागद चुरगळून फेकला. आपाबी आतून आली. तिनं तो उचलला, मांडीवर सपाट केला, कपाळाला लावला आणि कोनाड्यात ठेवला. मला म्हणाली, “कागजला पाय नको लागू देऊ बेटा. त्याच्यावर कुठं अल्लाचं नाव असंल, तुला काय ठाऊक?” तिची ती सवयच होती. रस्त्यात पडलेली उर्दू चिठ्ठी, दुकानाची पुडी, काहीही असो, ती वाकून उचलायची. गुडघे दुखायचे तरी वाकायची.

चित्रांखाली नावं लिहायची तर अक्षर यायला हवं, म्हणून आपाबीनं मला पाटीवर उर्दू शिकवलं. आधी अंक, मग नावं, मग ओळी. तिच्या हातात बांगड्या नसायच्या, पण पाटी पुसताना ती मनगट झटकायची ते बांगड्या मागं सारल्यासारखं. तीनेक वर्षांत मी घडाघडा वाचायला लागले. साहेबांच्या डोळ्यांना ताण पडायचा, तेव्हा त्यांनीच लिहिलेलं मी त्यांना वाचून दाखवायची आणि ते डोळे मिटून ऐकत, मध्येच “थांब” म्हणून एखादा शब्द बदलायला लावत. घरी सांगितलं नाही. आधी लाज वाटली म्हणून, नंतर सांगायचं राहिलं म्हणून. मराठी अक्षर येत नाही आणि उर्दू येतं, हे शेतकऱ्याच्या पोरीनं सांगायचं तरी कोणत्या तोंडानं?

उन्हाळ्याच्या दुपारी खिडकीला वाळ्याचा पडदा असायचा. आपाबी त्यावर पाणी मारायची. बाहेर ऊन रणरणतंय आणि आत मी वाचतेय की औरंगाबादेत पाणी डोंगरातून जमिनीखालून येतं आणि कुणाच्या परसात उडतं, कोणत्या पेठेत हिमरू विणतात, कोणत्या दरवाज्यातून सकाळी भाजी आत येते, संध्याकाळी दिवे कोण लावतं. पान जाड, कागजीपुऱ्याच्या हातकागदाचं. पहिल्या पानाच्या माथ्यावर साहेबांनी “या कबीकज” असं लिहिलं होतं. मी विचारलं हे काय, तर म्हणाले, हा किड्यांचा राजा. त्याचं नाव लिहिलं की किडे पुस्तकाला तोंड लावत नाहीत, अशी जुन्या लोकांची समजूत. “तुम्ही मानता?” मी विचारलं. “मी मानत नाही,” ते म्हणाले, “किडे मानत असतील तर?” आणि पोट धरून हसले.

त्या वाचनानं माझं फार नुकसान केलं. जालन्याच्या पलीकडं मी काही पाहिलं नव्हतं, आणि डोक्यात अख्खी शहरं भरली. अंबड मला टोचायला लागलं. विहिरीवर गेले की वाटायचं, एवढंच का पाणी? बाजारात गेले की वाटायचं, एवढाच का बाजार? ज्वारीची कणसं खुडताना मी मध्येच हात थांबवून रस्त्याकडं बघत बसायची आणि माय ओरडायची, “ध्यान कुठं हाय तुझं? कोण येऊन राह्यलं तिकडून?” कुणी येत नव्हतं. मलाच जायचं होतं.

खाऱ्या विहिरीची आणि कागदांची गाठ आपाबीनं घालून दिली. रमजानच्या आधी ती घर झाडायची. कुराणाची जीर्ण पानं, दुवांचे फाटके कागद, वर्षभर उचलून ठेवलेल्या चिठ्ठ्या, सगळं धुतलेल्या पांढऱ्या कापडात बांधायची. ते उकिरड्यावर टाकायचं नसतं, पायदळी येऊ द्यायचं नसतं, म्हणून पाण्यात सोडायचं. आमची विहीर खोल, पाणी कुणी पीत नाही, तेव्हा ती बरी. ती दरवर्षी मायला विचारूनच सोडायची. गाठोड्याला दगड बांधायचा, चपला लांब काढायच्या, दोर हळूहळू सोडायचा. आपाबीचे हात थकले तशी माय दोर धरायला जाऊ लागली. मायला ते फार पटलं होतं. “आपुन भंगलेले देव डोहात सोडतो, तसंच की,” ती म्हणायची. आपाबी प्रत्येक उर्दू कागद कपाळाला लावते हे तिनं वर्षानुवर्षं पाहिलं होतं. तेव्हा त्या लिपीतलं सगळं देवाचंच, हे तिनं मनाशी धरून ठेवलं. ती चुकतेय हे सांगायची कधी कुणाला गरज पडली नाही.

मग अठ्ठेचाळीस साल आलं. त्याची कारणं सांगणारे पुष्कळ आहेत, मी त्यात पडत नाही. मला आठवतं ते असं, की उन्हाळ्यात रझाकारांच्या धास्तीनं आमच्या गल्लीची दारं दिवसा लागायची. भादव्यात पोलीस ॲक्शन झाली आणि आमची दारं उघडली, मग साहेबांच्या गल्लीतली लागली. धास्ती तीच, तिनं फक्त गल्ली बदलली. आपाबीच्या चुलीचा धूर तीन दिवस दिसला नाही. चौथ्या दिवशी पहाटे दादांनी गाडी जुंपली आणि दोघांना जालन्याच्या स्टेशनावर सोडून आले. तिथून ते हैदराबादेला भाच्याकडं जाणार होते. निघताना साहेबांनी दोन बस्ते दादांच्या हातात दिले. पुस्तकांनी भरलेलं घर होतं, त्यातलं त्यांनी एवढंच उचललं. “अमानत आहे,” म्हणाले. बाकी बोलायला वेळ नव्हता. आपाबीनं मला जवळ घेतलं तेव्हा तिच्या ओढणीला डाळीचा नाही, नुसत्या धुळीचा वास येत होता.

आठ-पंधरा दिवसांत कुणीतरी त्यांच्या घराचं कुलूप तोडलं. माय बाजारातून परत आली ती उंबऱ्यातच बसली. पदरात चार-पाच चुरगळलेली पानं. “पुस्तकं रस्त्यावर टाकली गं,” ती म्हणाली. “देवाच्या पानावरून गाडीचं चाक गेलं. मानसं वरून चालून राह्यली. आपाबी असती तर मेली असती.” ती रडत होती. मी पानं बघितली. बगदादच्या बाजारातलं एक होतं, तेल्यांच्या दुकानांचं. मी ती सपाट करून तिच्या हातात परत दिली.

त्याच दिवसांत माझं लग्न ठरत होतं. वडीगोद्रीच्या मामानं नगरकडचं स्थळ आणलं होतं. मुलगा नगरात बोर्डिंगात राहून शिकला, तिथंच नोकरीला लागला, चष्मा लावायचा. बघायला आले तेव्हा त्यानं माझ्याकडं एकदाच बघितलं आणि चहा सांडला. मला तो आवडला. त्याहून जास्त, खरं सांगायचं तर, मला नगर आवडलं. ते शहर होतं. जाताजाता त्याच्या वडिलांनी विचारलं, “पोरगी मोगलाईतली. उर्दूबिर्दू तर शिकली नाही ना? आम्हाला घरात ते चालायचं नाही.” मामा छातीवर हात ठेवून म्हणाला, “बिलकुल न्हाई. सोताचं नाव लिहिता येत न्हाई तिला.” मी मान खाली घातली. नवऱ्यामुलीनं तेवढंच करायचं असतं.

कार्तिकात मामा तारीख धरायला आला. दादा कापूस घेऊन जालन्याला गेले होते. मामाची नजर माळ्यावर गेली. “हे काय ठिवलं?”

“साहेबाची अमानत हाय,” माय म्हणाली.

“उर्दूचे कागद? आक्का, तुला काही समजतं का? परवा पाव्हणे येनार, गावात काय चालू हाय अन् तू हे घरात घेऊन बसली. जाळून टाक बराबर आत्ताच्या आत्ता.”

“जाळायचं न्हाई,” माय म्हणाली. मायला मामासमोर एवढ्या मोठ्यानं बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं. “देवाचं हाय ते. म्या आपाबीचा हात धरून शिकले, कसं करत्यात ते.”

तिनं विहिरीवर जाऊन डोक्यावरून पाणी घेतलं. दादांचं नवं धोतर काढलं, तेही पुन्हा एकदा धुतलं, वाळेपर्यंत थांबली. सकाळची दहाची वेळ असेल, ऊन अंगणात उतरलं होतं. बस्ता उलगडला तेव्हा सगळ्यात वर माझीच जाळी होती. आठ टोकांचा तारा, त्याच्याभोवती दुसरा, त्याच्याभोवती तिसरा. ती मी नऊ वेळा काढली होती तेव्हा कुठं साहेब “मिळालं” म्हणाले होते. मायनं ओले हात पदराला पुसले, त्या कागदाला हात लावून कपाळाला लावला. “किती बारीक काम,” ती म्हणाली. “मानसाच्या हातचं न्हाई हे.”

तेव्हा बोलायचं होतं. “माय, हे मी काढलंय. हे देवाचं नाही, बाजाराचं आहे. ह्यात तू आहेस.” एवढंच. मामा ओट्यावर पान लावत बसला होता. त्याला ऐकू गेलं असतं. तो विचारणार, तुला काय ठाऊक यात काय लिहिलं ते? मग वाचता येतं हे कळणार, मग नगरला कळणार, मग अंबड, ज्वारी, विहीर आणि रस्त्याकडं बघत बसणं. मी गप्प बसले. मायनं हाक मारली, “धर गं टोक.” मी दोराचं टोक धरलं. गाठोडं भिंतीला न घासता नीट खाली गेलं. पाण्याला लागलं तेव्हा आवाजसुद्धा फार झाला नाही, थोडे बुडबुडे आले आणि माय हात जोडून उभी राहिली. त्या दिवशी ती जेवली नाही. दादा परत आल्यावर एवढंच म्हणाले, “इचारायचं तरी व्हतं.”

पुढं मी स्वतःला शंभर वेळा समजावलं, की बोलले असते तर मामानं ते जाळलंच असतं. असेलही. पण दोर धरताना माझ्या मनात मामाची भीती नव्हती, नगरचं स्टेशन होतं. ज्या पुस्तकानं मला शहरांची भूक लावली, तेच मी त्या भुकेपायी बुडू दिलं. ह्याला दुसरं नाव नाही.

नगर मिळालं. चष्मेवाला माणूस चांगला निघाला, चाळीस वर्षं संसार झाला. लग्नाला चार-पाच वर्षं झाली असतील, सासरे तोवर गेलेले. बाजारात एका दुकानावरची उर्दू पाटी मी नकळत मोठ्यानं वाचली. हे थांबले, माझ्याकडं बघितलं आणि जोरात हसले. “तुला वाचता येतं? आधी का नाही सांगितलंस?” मग महिनाभर मित्रांना सांगत फिरले, आमच्या बायकोला उर्दू येतं म्हणून. त्यांना कौतुक होतं. मी त्या दिवशी घरी येऊन मोरीत उभी राहून रडले. मायला मात्र शेवटपर्यंत सांगितलं नाही. मरणाच्या आधी ती आपल्या पुण्याचा हिशेब लावत होती, त्यात तिनं त्या गाठोड्याचंही नाव घेतलं. तिच्या हातून ते कसं काढून घेणार?

मांडवात बँड वाजायला लागला. आईस्क्रीमवाल्या पोरानं मला खुर्ची आणून दिली आणि मी ती बाजूला सारली. इथं उभं राहून मला पुस्तक फारसं आठवतच नाही. मला आठवतो तो त्या कार्तिकानंतरचा, लग्नाआधीचा पौष.

पौषात साहेब आले. एकटेच. आपाबी हैदराबादेला आजारी होती. अंगावरची शेरवानी तीच, पण ती आता कुणा दुसऱ्याची वाटावी इतकी सैल. ते ओसरीवर बसले, दादांची विचारपूस केली, तुरीच्या शेंगा सोलल्या, आणि बस्त्यांचं विचारलं. माय दाराआडून पुढं आली. तिला सांगायची केव्हापासून घाई होती. रस्त्यावरची पानं, गाडीचं चाक, मामा जाळा म्हणत होता ते, नवं धोतर, धुतलेलं कापड, उपास, दगड, सगळं तिनं सांगितलं. “एका पानाला पाय लागू दिला न्हाई साहेब. आपाबी जसं करायची बिलकुल तसंच केलं.” दोराचं दुसरं टोक कुणी धरलं होतं ते सांगायचं मात्र तिला सुचलं नाही.

साहेबांच्या हातात एक शेंग होती. ती त्यांनी सोलली, दाणे तळहातावर ठेवले आणि बघत राहिले. दादा खाली मान घालून होते. मग साहेब मायला म्हणाले, “बराबर केलं, भाभी. माझ्या बहिणीनंही हेच केलं असतं.” मायच्या चेहऱ्यावर असं समाधान आलं की मला बघवेना. ते पाणी प्यायले आणि उठले. जालन्याची गाडी गाठायची होती.

मायनं मला त्यांच्यासोबत रस्त्यापर्यंत जायला सांगितलं, त्यांना खड्डे दिसत नसत म्हणून. त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. हात हलका होता. थोडं चालल्यावर म्हणाले, “नगरला देणार म्हणतात तुला.”

“हो.”

“मोठं शहर आहे. खापराच्या नळांनी पाणी यायचं तिथं, जुन्या काळी. कुठून यायचं ते म्हाताऱ्या लोकांना विचार. विचारलं की सांगतात लोक.” ते पुन्हा थोडं चालले. रस्त्यावर आल्यावर थांबले, चष्मा काढून शेरवानीच्या टोकाला पुसला. “बेटी, त्या दिवशी तू कुठं होतीस?”

“मामीकडं गेल्ते. वडीगोद्रीला.”

त्यांनी मोठा श्वास सोडला. ओसरीवर बसल्यापासून आवळलेला त्यांचा चेहरा तेव्हा कुठं जरा मोकळा झाला. चष्मा लावून त्यांनी माझ्याकडं बघितलं आणि डोक्यावर हात ठेवला.

“तरीच,” ते म्हणाले. “मी मघापासून मनात तेच म्हणत होतो. बेटी घरात असती, तर तिनं रोकलं असतं. होय ना?”

“हो साहेब,” मी म्हटलं.